उजवीकडचे शून्य

(संस्थेच्या पालक-विद्यार्थी मेळाव्यात दिलेल्या भाषणाचा मजकूर)





अशा मेळाव्यात शिक्षकाला बोलायला उभे केले की तो बहुधा शिक्षणाचे महत्त्व सांगतो. ते तुम्हांला ठाऊकच आहे. नसते तर आजची मजुरी बुडवून, दुकान बंद ठेवून तुम्ही येथे आला नसता. म्हणून मी पाचवी-सहावीच्या गणितातला एकच लहानसा धडा घेऊन उभा आहे. ज्या संख्यांत दशांश चिन्हापुढे कमीजास्त अंक आहेत, त्यांची दशांश स्थळे सारखी कशी करावयाची, एवढाच तो धडा. इंग्रजी माध्यमातील मुले अशा संख्यांना ‘अनलाइक’ आणि ‘लाइक’ डेसिमल म्हणतात. परीक्षेत हा प्रश्न एक-दोन गुणांचा असतो. पण आपल्या कारध्यात त्याची किंमत किती होऊ शकते, हे मला एका पावसाळ्याने शिकवले.

नदीच्या एका तीरावर भंडारा शहर आणि दुसऱ्या तीरावर आपण. वर मध्य प्रदेशात सिवनी जिल्ह्यात मोठा पाऊस झाला आणि संजय सरोवराचे दरवाजे उघडले, की आपल्याला वैनगंगेच्या पुलाकडे पाहत बसावे लागते. ऑगस्ट २०२० च्या अखेरीस आलेला पूर आपल्यापैकी कोणीही विसरलेला नाही. त्यानंतरच्या एका पावसाळ्यातली ही गोष्ट आहे.

संध्याकाळी मोबाइलवर एक संदेश फिरत होता. त्यात दोन आकडे होते. धोक्याची पातळी २४५.५० मीटर आणि सध्याची पातळी २४५.६ मीटर. नदीकडच्या सखल भागात राहणाऱ्या एका घरी वडिलांनी मुलाला तो संदेश वाचायला सांगितला. मुलगा माझ्याच वर्गातला, सहावीतला. त्याने वाचले, “अब्बा, धोका दोनशे पंचेचाळीस पॉइंट पन्नासला आहे. पाणी अजून पॉइंट सहावरच आहे.” वडिलांनी विचार केला की सहाचे पन्नास व्हायला अजून पुष्कळ अवकाश आहे, आजची रात्र तर निघून जाईल. त्यांनी सामान हलवले नाही.

मध्यरात्री अंगणात पाणी आले. माणसे सुखरूप बाहेर पडली, ही अल्लाची कृपा. पण धानाची चार पोती भिजली, आणि एक शेळी दाव्याला बांधलेली होती ती तशीच राहिली.

पाणी ओसरल्यावर तो मुलगा शाळेत आला. मधल्या सुट्टीत माझ्याजवळ येऊन त्याने हळूच विचारले, “सर, सहा हे पन्नासपेक्षा मोठे कसे?”

मी त्याची वही मागवली. ‘दशांश स्थळे सारखी करा’ या मथळ्याखाली दहा उदाहरणे होती. दहाही बरोबर होती. खाली लाल शाईत माझी सही होती.

पालकहो, चूक त्या मुलाची नव्हती. मी वर्गात सांगितले होते, “कमी अंक असतील तेथे शून्य लावा.” त्याने लावले. शून्य का लावायचे आणि लावून काय दिसते, हे मी सांगितले नव्हते. शिवाय फळ्यावरचा आकडा वाचताना मी स्वतःच ‘पॉइंट पन्नास’ असे वाचत होतो. मुलगा माझेच ऐकून शिकला. तेव्हापासून हा धडा मी निराळ्या रीतीने शिकवतो. तो तुम्हांलाही सांगावा, म्हणजे घरोघरी त्याची उजळणी होईल, या हेतूने आज बोलतो आहे.

प्रथम दशांश म्हणजे काय ते पाहू. दश म्हणजे दहा, अंश म्हणजे भाग. एका वस्तूचे सारखे दहा भाग केले की त्यातला एक भाग म्हणजे दशांश. आपल्या उर्दू माध्यमाच्या मुलांना हाच शब्द ‘आशारिया’ असा शिकवतात. त्यातही अरबीतले ‘दहा’च आहेत. मोहरमची दहावी तारीख म्हणजे आशूरा आणि पिकातला दहावा हिस्सा म्हणजे उश्र, हे शब्द तुमच्या कानावरचे आहेत. तिन्ही शब्दांचे मूळ एकच. तेव्हा दशांश ही कोणी परकी, अवघड वस्तू नाही.

आता चिन्हाच्या उजवीकडे पाहा. पहिले घर दशांशाचे, दुसरे शतांशाचे, तिसरे सहस्रांशाचे. प्रत्येक घर आधीच्या घराच्या दहाव्या हिश्शाएवढे. पुराच्या आकड्यातला ६ हा पहिल्या घरात बसला आहे, म्हणून तो सहा दशांश मीटर. मीटरचे सेंटिमीटर शंभर, तेव्हा सहा दशांश मीटर म्हणजे ६० सेंटिमीटर. धोक्याच्या आकड्यात पहिल्या घरात ५ आणि दुसऱ्या घरात शून्य आहे, म्हणजे ५० सेंटिमीटर. पाणी धोक्याच्या खुणेच्या खाली नव्हतेच. ते १० सेंटिमीटर वर चढून गेलेले होते. आता ते दोन आकडे एकाखाली एक असे मांडा:

२४५.६०
२४५.५०

असे लिहिल्यावर पहिलीतले पोरसुद्धा कोणता मोठा ते सांगेल. एक शून्य लिहिले, इतकेच. पण त्या शून्याने दोन्ही आकडे एकाच मापात आणले. आधी एक दशांशात बोलत होता आणि दुसरा शतांशात. आता दोघेही शतांशात बोलू लागले.

शून्य लावल्याने किंमत बदलत कशी नाही, असे मुले विचारतात, आणि विचारलेच पाहिजे. ०.६ म्हणजे ६/१०. अंश आणि छेद दोहोंना दहाने गुणले की ६०/१०० होतात, म्हणजेच ०.६०. भाकरीचे दहा तुकडे करून सहा घेतले, किंवा प्रत्येक तुकड्याचे आणखी दहा बारीक तुकडे करून साठ घेतले, तरी पोटात भाकरी तेवढीच जाते. अपूर्णांकांच्या बेरजेत आपण समच्छेद करतो ना? हे तेच काम आहे. फरक इतकाच की येथे छेद डोळ्यांना दिसत नाही. तो अंकांच्या संख्येत लपलेला असतो.

रीत तीन पायऱ्यांची आहे.

पहिली, दिलेल्या संख्यांत दशांश चिन्हापुढे सर्वांत जास्त अंक कोणाला आहेत ते पाहा.

दुसरी, बाकीच्या संख्यांना उजव्या टोकाला तितके अंक होईपर्यंत शून्ये द्या.

तिसरी, चिन्हाखाली चिन्ह येईल असे एकाखाली एक लिहा आणि मगच तुलना, बेरीज किंवा वजाबाकी करा.

समजा, महिन्याच्या वाणसामानात तांदूळ १२.५ किलो, तूरडाळ ३.७५ किलो आणि शेंगदाणे ०.६२५ किलो आले. एकूण वजन किती? सर्वांत जास्त अंक शेंगदाण्यांना आहेत, तीन. म्हणून:

१२.५००
 ३.७५०
 ०.६२५
१६.८७५ किलो

डाळीचे ७५ आणि तांदळाचे ५ उजव्या कडेला एकाखाली एक लिहिणारा मुलगा शतांशात दशांश मिसळतो, आणि त्याचे उत्तर चुकते.

वजाबाकीत याहून मोठा गोंधळ होतो. ५ लिटर दुधातून १.३७५ लिटर विकले, उरले किती? मुले थांबतात, कारण ५ ला चिन्हच नाही. पूर्ण संख्येचे चिन्ह तिच्या शेवटी असतेच, फक्त आपण ते लिहीत नाही. ५ म्हणजे ५.०००. त्यातून १.३७५ गेले, उरले ३.६२५ लिटर.

दुधाचा विषय निघाला म्हणून सांगतो. संकलन केंद्रावर दूध घालणाऱ्याला फॅटप्रमाणे भाव मिळतो आणि पावतीवर तो आकडा दशांशात असतो. एका दिवशी ३.५ आणि दुसऱ्या दिवशी ३.४५ आला, तर दूध कोणत्या दिवशी सरस होते? पंचेचाळीस हा पाचापेक्षा मोठा म्हणून दुसऱ्या दिवशीचे, असे पुष्कळ जण म्हणतील. शून्य लावून पाहा: ३.५० आणि ३.४५. पहिल्या दिवशीचे दूध सरस. पावती वाचता न येणाऱ्याला आपला भाव वाढला की उतरला हेच कळत नाही.

आता तुम्ही म्हणाल, “सर, आम्ही चौथी-पाचवीपर्यंत शिकलेलो, आम्ही मुलांना हे काय सांगणार?” मी म्हणतो, तुमच्या घरात या विषयातले जाणकार आहेत. तुमची आई, तुमची दादी. त्यांना विचारा की सव्वा मोठे की दीड? दीड मोठे की पावणेदोन? घरी आपण सवा, डेढ़, पौने दो म्हणतो. अंगठा उठवणारी म्हातारीसुद्धा क्षणात बरोबर उत्तर देईल. तिचा नातू मात्र वहीत १.२५ आणि १.५ पाहून म्हणतो की १.२५ मोठे, कारण पंचवीस हे पाचापेक्षा मोठे! सव्वा म्हणजेच १.२५, दीड म्हणजे १.५० आणि पावणेदोन म्हणजे १.७५. नातवाला जे अडले ते दादीला कधी अडले नाही, कारण ती आकडा पाहत नाही, माप पाहते. तेव्हा आज रात्री जेवताना नातवाला दादीजवळ बसवा. दादीने सव्वा म्हणावे, त्याने १.२५ लिहावे; तिने दीड म्हणावे, त्याने १.५० लिहावे. दोघांची शाळा एकत्र भरेल.

जुनी माणसे आण्यांचा हिशोब सांगतात तोही येथे उपयोगी आहे. रुपयाचे सोळा आणे, आण्याचे चार पैसे किंवा बारा पै. तीन रुपये पाच आणे आणि दोन रुपये बारा आणे मिळवायचे तर सोळा-सोळाने हातचे घ्यावे लागत. १ एप्रिल १९५७ पासून आपल्या देशात रुपयाचे शंभर नवे पैसे झाले. पुढे मापे आणि वजनेही शेर-मणावरून किलोवर, गज-फुटावरून मीटरवर आली. सगळा व्यवहार दहाच्या पटीत आला, म्हणून दशांश अपूर्णांक शाळेच्या पुस्तकातून बाजारात उतरला. पंचवीस पैशांचे नाणे ३० जून २०११ पासून चलनातून गेले, तरी आपल्या बोलण्यात चार आणे, आठ आणे, बारा आणे राहिले आहेत. ०.२५, ०.५०, ०.७५ हेच ते.

पैशाच्या हिशोबात आणखी एक खोट होते, ती सांगितली पाहिजे. पाच रुपये पाच पैसे हे ५.०५ असे लिहितात. ५.५ म्हणजे पाच रुपये पन्नास पैसे. शून्य अंकाच्या उजवीकडे, अगदी टोकाला दिले तर किंमत तीच राहते. पण चिन्ह आणि अंक यांच्या मध्ये घातले तर अंक एक घर पुढे सरकतो आणि किंमत बदलते. विद्यार्थ्यांनो, ‘शून्य लावा’ एवढेच पाठ करू नका. कोठे लावायचे तेही पाठ करा.

तसेच जेथे चिन्ह दिसेल तेथे दशांश असतोच असे नाही. क्रिकेटमध्ये ४.३ षटके म्हणजे चार षटके आणि तीन चेंडू. तेथे षटक सहा चेंडूंचे असते. घड्याळाचा तास साठ मिनिटांचा, म्हणून २.५ तास म्हणजे अडीच तास, दोन तास पन्नास मिनिटे नव्हेत.

काही मुले दुसऱ्याच बाजूने स्थळे सारखी करतात. शून्य लावण्याऐवजी लांब संख्येचे शेवटचे अंक कापून टाकतात. ३.७५ आणि १२.५ दिले की ३.७ आणि १२.५ लिहून मोकळी होतात. त्यांना मी पी. टी. उषाची शर्यत सांगतो. १९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये ४०० मीटर अडथळ्यांच्या शर्यतीत उषाला ५५.४२ सेकंद लागले आणि तिसऱ्या आलेल्या रुमानियाच्या धावपटूला ५५.४१. सेकंदाच्या शंभराव्या भागाने आपले पदक गेले. दोघींच्या वेळेतला शेवटचा अंक कापला तर दोघी ५५.४ वर सारख्याच दिसतील, पण ती बरोबरी खोटी आहे. म्हणून ध्यानात ठेवा, आखूड संख्येला लांब संख्येपर्यंत न्यायचे असते. लांबीला छाटून आखूड करायचे नसते. शेवटच्या अंकात कोणाची तरी मेहनत असते.

पुढच्या इयत्तांतील विद्यार्थ्यांसाठी एवढेच सांगतो की प्रयोगशाळेत २.५ आणि २.५० यांची किंमत सारखी असली तरी अर्थात थोडा फरक मानतात. २.५० लिहिणारा सांगत असतो की मी शतांशापर्यंत पाहून मोजले आहे. गणित सोडवताना शून्य मोकळेपणाने लावा, पण मोजमाप नोंदवताना जेवढे पाहिले तेवढेच लिहा.

हा अपूर्णांक कोठून आला, हेही आपल्या मुलांना ठाऊक असावे. शून्य आणि दहाच्या घरांची मांडणी ही भारताची. नवव्या शतकात बगदादच्या अल-ख्वारिझ्मी यांनी या हिंदी अंकगणितावर ग्रंथ लिहिला. त्यानंतर दमास्कस येथे हिजरी ३४१, म्हणजे इसवी सन ९५२-५३ मध्ये, अल-उक्लिदिसी या विद्वानाने हिंदी हिशोबावरील आपल्या ग्रंथात दशांश अपूर्णांक वापरले. त्यांनी १९ ही संख्या पाच वेळा निम्मी केली आणि ०.५९३७५ पर्यंत नेली. एककाच्या अंकावर ते एक लहानशी खूण करीत. पुढे समरकंदला उलुग बेगच्या वेधशाळेतील अल-काशी यांनी १४२७ मध्ये ‘मिफ्ताहुल हिसाब’ लिहून दशांश अपूर्णांकांचे व्यवस्थित विवेचन केले. युरोपात सायमन स्टेव्हिन यांचे छोटे पुस्तक १५८५ मध्ये निघाले आणि तेथे हा प्रकार रूढ झाला. हिंदुस्थानचे अंक, अरबीत लिहिलेली पुस्तके आणि युरोपातले छापखाने अशा वाटेने हे ज्ञान आपल्या मुलांच्या दप्तरात आले आहे. मुलगा १९ ला निम्मे, पुन्हा निम्मे करत बसला तर त्याला सांगा की हेच उदाहरण हजार वर्षांपूर्वी दमास्कसला एकाने सोडवले होते. ९.५, ४.७५, २.३७५, १.१८७५, ०.५९३७५. पाचही उत्तरांची दशांश स्थळे वेगवेगळी आहेत. ती सारखी करायला लावा. चांगला अभ्यास होईल.

शेवटी पालकांना तीन विनंत्या करतो.

एक, घरात आकडा नीट वाचा. चिन्हापुढचे अंक सुटे सुटे वाचावेत. २४५.५० हे ‘पॉइंट पन्नास’ असे न वाचता ‘पॉइंट पाच शून्य’ असे वाचावे. निम्मी चूक डोळ्यांत नसून कानात असते.

दोन, दुधाची पावती, किराण्याच्या काट्यावरचे वजन, तापमापकातला ताप, असे दोन आकडे दिसले की मुलाला विचारा, “मोठा कोणता? कशावरून?” उत्तर बरोबर आले तरी ‘कशावरून’ हे विचारायला विसरू नका. मी विसरलो होतो.

तीन, मुलीलाही विचारा. घरचा हिशोब पुढे तिच्याच हाती असतो.

आणि शिक्षक बांधवांना माझे सांगणे आहे की दहापैकी दहा मिळालेल्या वहीवर एकदम सही करू नका. एक अकरावे उदाहरण तोंडी विचारा, आणि तेही पुस्तकाबाहेरचे.

तो मुलगा आता वरच्या वर्गात गेला आहे. पावसाळा लागला की त्याच्या घराच्या दारावर खडूने दोन आकडे लिहिलेले असतात. वर धोक्याची पातळी आणि खाली आजची, चिन्हाखाली चिन्ह आणि दोन्हीकडे दोन-दोन अंक. आजूबाजूची माणसे जाता-येता ते वाचतात. त्या दारावर माझी सही नाही, पण माझ्या सगळ्या वह्यांत मला तेच उदाहरण सर्वांत बरोबर सोडवलेले वाटते.